हुआरेसला ऑडिटला जाणाऱ्या मराठी इंजिनियरांना खुले पत्र

मित्रमैत्रिणींनो,

तुमच्यातले काहीजण मिशिगनमध्ये ट्रॉय, ऑबर्न हिल्स, डिअरबॉर्नला राहतात आणि अधूनमधून विमानाने टेक्सासच्या सीमेवरच्या एल पासोला उतरतात. काहींनी एल पासोतच घर केलं आहे. ते सकाळी पूल ओलांडून मेक्सिकोतल्या स्युदाद हुआरेसला कामावर जातात आणि संध्याकाळी अमेरिकेत परततात. कुणाच्या कार्डावर सप्लायर क्वालिटी लिहिलेलं असतं, कुणाच्या परचेस, कुणाच्या प्रोग्रॅम मॅनेजर. बरेचजण भोसरी, चाकण, रांजणगाव, सातपूरच्या कारखान्यांत हात काळे करून मग तिकडे गेलात. मी त्याच चाकण पट्ट्यात वायरिंग हार्नेसच्या, म्हणजे मोटारीतल्या वायरींच्या जुडग्यांच्या, लाइनवर आयुष्याचा मोठा भाग काढला, आधी ऑपरेटर म्हणून आणि नंतर क्वालिटी इन्स्पेक्टर म्हणून. त्या नात्याने तुम्हाला लिहिते आहे.

हुआरेसच्या कारखान्यांत राबणाऱ्या बायांच्या हालांबद्दल सरकारांना, मंत्र्यांना, न्यायालयांना तीस वर्षं लिहून झालं आहे, आणि लिहिणाऱ्या बायांनी जीव धोक्यात घालून लिहिलं आहे. पण कारखान्याचा मॅनेजर मंत्र्याला घाबरत नाही तितका तुम्हाला घाबरतो. तुमच्या एका शेऱ्याने माल अडतो, नव्या मॉडेलचं काम दुसऱ्या सप्लायरकडे जातं. ही ताकद तुम्ही रोज वापरता: क्रिम्पची उंची चुकली म्हणून, पीपीएम (दहा लाख नगांमागे सदोष नग) वाढला म्हणून, ट्रक वेळेत सुटला नाही म्हणून. तीच ताकद लाइनवर उभ्या असलेल्या बाईसाठी वापरा, एवढंच माझं मागणं आहे.

हार्नेसचं काम तुम्हाला समजावायला नको. पण हे पत्र इतरही वाचतील, त्यांच्यासाठी थोडं सांगते. एका मोटारीतल्या सगळ्या वायरी एकापुढे एक ठेवल्या तर काही किलोमीटर भरतील. वायर कापणं, टोक सोलणं, त्या टोकावर धातूचं टर्मिनल दाबून बसवणं, म्हणजे क्रिम्प करणं, हे मशीन करतं. पुढचं सगळं हाताने. फिरत्या बोर्डावर रंग आणि नंबर बघून वायर बसवायची, कनेक्टरमध्ये टर्मिनल ‘टक्’ आवाज येईपर्यंत ढकलायचं, क्लिप लावायची, टेप गुंडाळायची. वायर लवचिक असते, रोबोच्या हातात ती एका जागी राहत नाही. म्हणून मोटारीतलं बाकी बरंच काम यंत्रावर गेलं तरी हे माणसाच्या बोटांवरच राहिलं, आणि बहुतेक ठिकाणी ती बोटं बाईची आहेत. वर्षानुवर्षं टेपिंग केलं की अंगठ्याचं आणि मनगटाचं काय होतं, ते मी भाजी चिरताना रोज अनुभवते. बोर्ड थांबत नाही. बाथरूमला जायचं तर आपल्या जागी उभा राहणारा रिलिव्हर येईपर्यंत दम धरायचा. चाकणला हेच, मोरोक्कोतल्या टॅंजिअरला हेच, हुआरेसला हेच.

पण हुआरेसचं एक वेगळं आहे. तिथला कारखाना ज्या देशासाठी माल बनवतो तो देश नदीपलीकडे डोळ्यांना दिसतो, आणि सगळा धंदा त्या दोन काठांवरच्या मजुरीतल्या फरकावर उभा आहे.

१९४२ ते १९६४ या काळात ब्रासेरो योजनेखाली मेक्सिकोतले पुरुष तात्पुरत्या करारावर अमेरिकेच्या शेतांत राबायला जात. अमेरिकेने ती योजना बंद केली आणि सीमेवरच्या शहरांत बेकार पुरुष साचले. त्यांना काम मिळावं म्हणून १९६५ मध्ये मेक्सिकोने सीमा औद्योगिकीकरणाचा कार्यक्रम सुरू केला. परदेशी कंपनीने सुटे भाग बिनजकातीचे आणावेत, जोडावेत आणि परत न्यावेत. अमेरिकेच्या जकात कायद्यातही सोय होती की असा माल परत आला तर फक्त बाहेर वाढलेल्या मूल्यावर जकात लागेल. हेच ते माकिलादोरा, थोडक्यात माकिला, कारखाने. योजना आली बेकार पुरुषांच्या नावाने, भरती झाली कोवळ्या मुलींची. १९७० च्या दशकात या कारखान्यांत दर पाच कामगारांमागे चार बाया असत. बोटं चपळ, स्वभाव ऐकणारा, युनियनच्या भानगडीत पडणार नाहीत, ही कारणं मालकवर्ग उघड सांगत असे. भारताने कांडला इथे निर्यातीसाठी पहिला खास विभाग उघडला तोही १९६५ मध्येच. मुंबईत अंधेरीला सीप्झ आलं १९७३ मध्ये. तिथल्या इलेक्ट्रॉनिक्सच्या लाइनींवर मुलीच का, याची उत्तरं आपल्याकडेही हीच मिळत होती.

आरसीए कंपनीचा प्रवास तुम्ही जरूर बघा. रेडिओ बनवणारी ही कंपनी न्यू जर्सीतल्या कॅम्डेनहून १९४० मध्ये इंडियानातल्या ब्लूमिंग्टनला गेली, तिथून १९६० च्या दशकात टेनेसीतल्या मेम्फिसला आणि १९६८ मध्ये हुआरेसला. दर ठिकाणी स्वस्त आणि निमूट काम करतील म्हणून तरुण बाया घेतल्या. त्या अनुभवी झाल्या, एकत्र आल्या, पगार मागू लागल्या, की काम पुढच्या गावी. म्हणजे अमेरिकेतल्या कामगार बाईची नोकरी मेक्सिकोतल्या बाईने हिसकावली, असं जे तिकडच्या निवडणुकांत ऐकू येतं ते खरं नाही. दोघींच्या बाबतीत एकच हिशेब चालला होता.

आज माकिलांमध्ये पुरुषही जवळजवळ निम्मे आहेत. १९९४ मध्ये अमेरिका, मेक्सिको आणि कॅनडा यांचा नाफ्टा हा व्यापार करार लागू झाला, त्याच वर्षाच्या शेवटी मेक्सिकोचं चलन पेसो कोसळलं, मजुरी डॉलरमध्ये आणखी स्वस्त झाली आणि कारखाने भराभर वाढले. दुरांगो, कोआहुइला, वेराक्रूझकडून बसमधून माणसं आली. शहराच्या पश्चिमेला अनाप्रा, लोमास दे पोलेओसारख्या वस्त्या वाळूत उभ्या राहिल्या. रस्ता नाही, दिवा नाही, नळ नाही. कारखान्यांचे पार्क मात्र चकाचक. ज्या शहरात दर आठवड्याला नवी लाइन उभी राहू शकते, तिथे कामगारांच्या गल्लीत विजेचा खांब उभा राहायला वर्षं का लागावीत?

आता कागदावरच्या गोष्टींकडे येते. १९९६ मध्ये ह्यूमन राइट्स वॉच या संस्थेने सीमेवरच्या माकिलांचा अहवाल काढला. भरतीच्या वेळी मुलींची लघवी तपासून गर्भ आहे का ते बघितलं जायचं. पाळी कधी आली, नवऱ्याबरोबर राहतेस का, गोळ्या घेतेस का, हे फॉर्मवर विचारलं जायचं. काही ठिकाणी पाळी आली आहे हे सिद्ध करायला वापरलेला पॅड दाखवायला लावत. कामाला लागल्यावर दिवस गेले तर जड कामावर टाकायचं, म्हणजे ती आपणच सोडून जाईल. हा सगळा खर्च आणि अपमान कशासाठी, तर बाळंतपणाची रजा द्यायला लागू नये म्हणून. मेक्सिकोच्या कामगार कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने असा दाखला मागायला स्पष्ट बंदी केली. कायदा झाला, चांगलं झालं. पण तुम्हाला माहीत आहे की लेखी प्रोसिजर आणि प्रत्यक्ष लाइन यांत किती अंतर असू शकतं. ते अंतर शोधण्यासाठीच तुम्हाला पगार मिळतो. टर्मिनल ओढून बघायची पुल टेस्ट तुम्ही स्वतः करून बघता, रजिस्टरवर विश्वास ठेवत नाही. मग भरतीच्या दवाखान्यात कोणत्या चाचण्या होतात, हे एच.आर.च्या तोंडी उत्तरावर का सोडता?

हुआरेसचं नाव घेतलं की लोकांना १९९३ पासूनचे बायकांचे खून आठवतात. त्याबद्दल बोलताना मी जपून बोलणार आहे, कारण त्याच्या खूप सनसनाटी कहाण्या झाल्या. मारल्या गेलेल्या सगळ्या माकिलातल्या नव्हत्या. शाळकरी मुली होत्या, घरकामाला जाणाऱ्या होत्या, दुकानांत काम करणाऱ्या होत्या. हे खून कारखान्यांनी केले असं कुणी म्हणत नाही. वर्तमानपत्रांतल्या बातम्या जमवून या मृत्यूंची यादी ठेवायला सुरुवात केली एस्तेर चावेस कानो या अकाउंटंट बाईंनी. पोलीस दरवेळी ‘सुटी घटना’ म्हणत, आणि बाई नावं मोजत राहिल्या. १९९९ मध्ये त्यांनी कासा आमिगा हे पीडित बायांसाठीचं केंद्र उघडलं.

नोव्हेंबर २००१ मध्ये शहरातल्या एका कापसाच्या शेतात आठ बायांचे मृतदेह सापडले. शेत माकिला मालकांच्या संघटनेच्या कार्यालयासमोर होतं. त्यांतल्या तिघींचा खटला आंतर-अमेरिकी मानवी हक्क न्यायालयात गेला. तिघींतली एक वीस वर्षांची माकिला कामगार होती. ऑक्टोबर २००१ मधल्या एका दिवशी ती कारखान्यात काही मिनिटं उशिरा पोचली. गेट बंद झालं होतं, तिला आत घेतलं नाही. ती परत घरी पोचलीच नाही. घरचे तक्रार द्यायला गेले तेव्हा मुली मित्राबरोबर गेल्या असतील, असं बोलून अधिकाऱ्यांनी पहिले महत्त्वाचे दिवस घालवले. १६ नोव्हेंबर २००९ ला न्यायालयाने मेक्सिको सरकारला दोषी ठरवलं. बाईबद्दलच्या या पूर्वग्रहाने तपास बिघडला हेही निकालात नोंदवलं.

तो दोष सरकारचाच. पण गेटचा नियम सरकारचा नव्हता. लेट मार्क, हाफ डे, ‘आज परत जा’, हे सगळं आपण चाकणला पाहिलं आहे. माकिलांमध्ये तर पगाराची रचनाच अशी की मूळ पगार लहान आणि वर हजेरीचा भत्ता, वक्तशीरपणाचा भत्ता, किराण्याची कुपनं. एक दिवस बस चुकली की आठवड्याचा भत्ता जातो. म्हणून आजारी मूल शेजारणीकडे टाकून बाई पहाटेच्या अंधारात धावत सुटते. दुसरी पाळी सुटते मध्यरात्रीच्या सुमाराला. कारखान्याची बस वस्तीच्या मोठ्या रस्त्यावर सोडते आणि तिथून आत चालत जायचं. १९९९ मध्ये एका अल्पवयीन कामगार मुलीवर तिला सोडणाऱ्या कंपनीच्या बसच्या ड्रायव्हरनेच हल्ला केला आणि मेली समजून टाकून दिलं. ती जगली आणि तिने साक्ष दिली.

पुण्यात नोकरी केलेल्यांना नोव्हेंबर २००७ आठवत असेल. कॉल सेंटरच्या रात्रपाळीला निघालेल्या तरुणीवर तिला न्यायला आलेल्या कॅबच्या ड्रायव्हरने आणि त्याच्या साथीदाराने बलात्कार केला, तिचा खून केला. त्यानंतर बाई सगळ्यात आधी उचलायची नाही, सगळ्यात शेवटी सोडायची नाही, एकटी असेल तर गार्ड, हे नियम आयटीतल्या प्रत्येक मॅनेजरला पाठ झाले. पुरेसे पाळले जातात का हा वेगळा प्रश्न. पण बाईचा घरापर्यंतचा रस्ता ही मालकाची जबाबदारी आहे, हे तेव्हा तुम्ही मान्य केलंत. पूल ओलांडल्यावर ती जबाबदारी संपते का?

कुणी म्हणेल, या बायांना निदान काम तरी आहे. मी त्यांच्यातलीच एक असल्यामुळे हे हलक्यात घेत नाही. पगाराने मला माझ्या घरात बोलायची जागा दिली. हुआरेसमध्येही कितीतरी बायांनी याच पगारावर विमा मिळवला, घराचं कर्ज फेडलं, मारणारा नवरा सोडला. हे कारखाने बंद व्हावेत असं मी मुळीच म्हणत नाही. २००१ नंतर बरंच काम चीनला गेलं तेव्हा सीमेवर काय हाल झाले ते सगळ्यांना माहीत आहे. उलट म्हणूनच मला राग येतो: ज्या बाईला हे काम हवं आहे, तिच्या त्या गरजेचाच धाक तिला घातला जातो.

तिने तोंड उघडलं तर काय होतं, ते बघा. १ जानेवारी २०१९ ला मेक्सिकोने सीमापट्ट्यातलं किमान वेतन दुप्पट केलं, दिवसाला ८८.३६ वरून १७६.७२ पेसो. सीमेवरच्याच मातामोरोस शहरात कारखान्यांच्या करारांप्रमाणे किमान वेतन वाढलं की सगळ्यांचा पगार वाढायला हवा होता. मालक टाळू लागले. हजारो कामगार संपावर गेले, २० टक्के वाढ आणि ३२,००० पेसो बोनस ही मागणी, आणि चाळीसहून अधिक कारखान्यांनी ती मान्य केली. त्यांच्या वकील सुसाना प्रिएतो तेर्रासास यांना जून २०२० मध्ये अटक झाली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये कोविडने हुआरेसच्या कारखान्यांतले कामगार मरत होते, बाकीचे गेटबाहेर ‘आम्हाला घरी जाऊ द्या’ म्हणत होते, आणि अमेरिकेच्या संरक्षण खात्यातून मेक्सिकोवर कारखाने उघडा म्हणून दबाव येत होता, कारण सुटे भाग अडले होते.

२०२० मध्ये नाफ्टाच्या जागी आलेल्या यूएसएमसीए करारात कामगारांसाठी एक खरं हत्यार आहे. युनियन निवडण्याचा हक्क एखाद्या कारखान्यात डावलला गेला, तर थेट त्या कारखान्याविरुद्ध तक्रार करता येते. त्याआधी मेक्सिकोत बहुतेक ठिकाणी कामगारांनी कधी न पाहिलेली युनियन मालकाशी करार करून बसलेली असे. पहिली तक्रार मे २०२१ मध्ये मातामोरोसच्या त्रिदोनेक्स कारखान्याविरुद्ध झाली. काढून टाकलेल्या कामगारांना भरपाई मिळाली, आणि पुढच्या वर्षी गुप्त मतदानात कामगारांची स्वतःची युनियन जिंकली. सीमेपासून दूर सिलाओला जनरल मोटर्सच्या कारखान्यात जिंकलेल्या नव्या युनियनच्या सरचिटणीस आलेहान्द्रा मोरालेस ही एक बाई झाली. असं होऊ शकतं.

पण पिएद्रास नेग्रासला काय झालं, ते मला तुमच्याकडून ऐकायचं आहे. टेक्सासच्या सीमेवरच्या या गावात मिशिगनच्या व्हीयू मॅन्युफॅक्चरिंग कंपनीचा कारखाना होता, मोटारींच्या आतले भाग बनवणारा, बहुतेक कामगार बाया. २०२२ मध्ये त्यांनी मतदानाने स्वतंत्र युनियन निवडली. कंपनी तिच्याशी बोलेना, म्हणून या कारखान्याविरुद्ध दुसऱ्यांदा तक्रार झाली, मार्च २०२३ मध्ये अमेरिका आणि मेक्सिको या दोन्ही सरकारांनी सुधारणेचा आराखडा आखला. कंपनीने तो पाळला नाही, कारखाना बंद केला, आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये प्रकरण तोडग्याविना संपलं. युनियनमधल्या बायांना गावातल्या दुसऱ्या कारखान्यांत काम मिळेना, त्यांची नावं काळ्या यादीत गेल्याच्या तक्रारी झाल्या.

दोन सरकारांचे अधिकारी जे करू शकले नाहीत ते त्या मालाचे खरेदीदार करू शकले असते. ‘युनियनशी करार करा, त्या मुदतीत आम्ही ऑर्डर हलवणार नाही आणि त्यानंतरही टाळलात तर नवी ऑर्डर देणार नाही’ असं एक पत्र पुरलं असतं. माल घेणाऱ्या कंपन्यांच्या खरेदी विभागांत तेव्हा आपले लोक बसलेले नव्हते, असं मला कुणी छातीठोक सांगू शकेल का?

आणि किंमत. ज्याबद्दल ऑडिटमध्ये कधीच बोललं जात नाही. सप्लायरच्या करारात दरवर्षी काही टक्के भाव कमी करायची अट असते. पत्रा, तांबं, प्लास्टिक यांचे भाव त्याच्या हातात नसतात. तांब्याचा भाव वाढला तर तुम्ही सूत्राप्रमाणे वाढवूनही देता. उरते ती मजुरी. २०२५ मध्ये सीमापट्ट्याचं किमान वेतन दिवसाला ४१९.८८ पेसो झालं, म्हणजे साधारण २० डॉलर. यूएसएमसीएनुसार मोटारीचा ठरावीक हिस्सा तासाला सरासरी किमान १६ डॉलर मिळवणाऱ्या कामगारांनी बनवलेला असावा लागतो. पलीकडच्या काठावर तासाला सोळा, अलीकडे दिवसाला वीस. एवढा फरक हाताशी असताना तुमच्या वार्षिक कपातीचा शेवटचा पैसासुद्धा कुणाच्या तरी चहाच्या सुट्टीतून, बसच्या फेरीतून, रिलिव्हरच्या जागेतून निघतो. मी इन्स्पेक्टर असताना बघितलं आहे, टार्गेट वाढवायची वेळ आली की आधी रिलिव्हर कमी होतात.

म्हणून पुढच्या ऑडिटला चेकलिस्टमध्ये काही ओळी घाला. उशिरा आलेल्या बाईला गेटवरून परत पाठवतात का, विशेषतः अंधारात? दुसऱ्या पाळीची बस दारापर्यंत जाते का, ड्रायव्हर कोण, मार्गाची नोंद कोण बघतं? भरतीच्या तपासणीत काय काय तपासतात? कामगारांच्या कराराची प्रत त्यांच्या हातात आहे का, त्यांनी त्यावर मत दिलं का? लाइनवर दर किती बायांमागे एक रिलिव्हर? उत्तरं मॅनेजरच्या केबिनमध्ये घेऊ नका. दुभाषी सोबत घ्या, कारखान्याचा नव्हे, तुमचा. पिएद्रास नेग्रासमध्ये कोमिते फ्रोन्तेरिसो दे ओब्रेरास ही कामगार बायांची संघटना कित्येक वर्षं काम करते आहे, त्यांच्याशी बोला. आणि तांब्यासारखंच सीमेवरच्या किमान वेतनाचंही सूत्र करारात घाला: वेतन वाढलं की भाव त्या प्रमाणात वाढेल आणि कपात त्या वर्षी होणार नाही.

हे सोपं नाही हे मला कळतं. तुमच्यातल्या बऱ्याचजणांचा व्हिसा त्याच कंपनीवर अवलंबून आहे आणि वरच्या साहेबाला खर्चातली बचतच दाखवायची असते. एकट्याने बोललात तर तुमच्यावर येईल. पण एकाच कंपनीत, एकाच मजल्यावर तुम्ही पाचदहा मराठी माणसं आहात, गणपतीला एकत्र जमता, एकमेकांना नोकऱ्या लावून देता. पाचजणांनी मिळून बसच्या मार्गाचा एक प्रश्न ऑडिटच्या फॉर्ममध्ये घातला तर कुणाला काढणार? बसच्या आणि गेटच्या प्रश्नापासूनच सुरुवात करा, त्याला विरोध करणं कुठल्याही साहेबाला अवघड जाईल. वेतनाच्या सूत्राला वेळ लागेल, ते दुसऱ्या फेरीत घ्या.

करारातच लिहिलं आहे की सहा वर्षांनी, १ जुलै २०२६ ला, तिन्ही देशांनी यूएसएमसीएचा एकत्र आढावा घ्यायचा. कामगारांच्या तक्रारीची ती तरतूद कापली जाऊ नये, आणि पिएद्रास नेग्राससारखं पुन्हा झालं तर माल घेणाऱ्यावरही जबाबदारी यावी, असं तुमच्या कंपन्यांना आणि व्यापारी संघटनांना सांगा. त्यांची मतं तयार करणाऱ्या मीटिंगमध्ये आकडे तुम्हीच पुरवता.

तुमच्या चेकलिस्टमध्ये यातलं काही आधीच असेल तर ते कोणत्या शब्दांत आहे आणि कारखान्याने काय उत्तर दिलं, ते मला लिहा. चाकणच्या बायांनाही त्याचा उपयोग होईल. इथल्या लाइनींवर तुम्ही ऑडिटला येता तेव्हा हेच प्रश्न इथेही विचारा. इथल्या ट्रेनी मुलींच्या रात्रीच्या बसबद्दल मी तुम्हाला पत्त्यासकट सांगेन.

तुमची,
वायरिंग हार्नेसच्या लाइनवरची एक निवृत्त क्वालिटी इन्स्पेक्टर, चाकण